आखराची जागा आणि माझी सही

आमच्या गावात ढोराला आखराचा रस्ता कोणी शिकवत नाही. सकाळी दावं सोडलं की गाय आपली आपण निघते, गल्ली वळते आणि गावाच्या उगवतीला मोकळी जागा आहे तिथं जाऊन उभी राहते. घराघरातून अशी ढोरं जमली की ढोरकी त्यांना हाकून चरायला नेतो. ढोरं जमण्याच्या या जागेला आम्ही आखर म्हणतो. पोळ्याला बैल तिथंच उभे राहतात. पटवाऱ्याच्या कागदात ती सरकारची जागा आहे, गोठान म्हणून लिहिलेली. आमच्या लेखी ती गावाची.

त्या जागेपायी मी या वयात सौंसरच्या तहसीलच्या पायऱ्या चढून राहिलो आहे. मी सांगतो अन् माझी सून लिहिते, कारण माझं लिहिणं माझ्या सहीपाशी संपते. ती बारावी शिकलेली आहे. माझी भाषा जागोजागी सरळ करते. करू द्या. गोष्ट मात्र मी तिला सरळ करू देणार नाही.

आधी सहीचं सांगतो, नाहीतर पुढचं समजणार नाही. मी दुसरीपर्यंत शाळेत गेलो. तिसरीच्या वर्षी बापानं वखरावर वजन म्हणून बसवलं, ते तिथंच राहिलो. पुढं मोठा झाल्यावर सोसायटीत खत घ्यायला गेलो की तिथला बाबू काही न विचारता शाईची डबी पुढं सरकवायचा. लावा अंगठा. माझ्या अंगाचा भडका व्हायचा. एका उन्हाळ्यात मी वावरातल्या मातीवर काडीनं माझं नाव गिरवत बसलो. बैल झाडाखाली रवंथ करत अन् मी मातीत नाव लिहून पायानं पुसत. पुढच्या खेपेला बाबूनं डबी सरकवली तशी मी ती त्याच्याकडं परत सरकवली अन् म्हटलं, "पेन दे."

तेव्हापासून मी कुठं अंगठा लावला नाही. माझ्या बरोबरीचे गावातले सगळे अंगठेवाले, मी एकटा सहीवाला. सहीखाली एक रेघ ओढतो. ती रेघ कोणी शिकवली नाही, ती माझी स्वतःची.

वाचायचं म्हणाल तर छापील अक्षर मी वाचतो. बसवरची पाटी, दवाईच्या डबीवरचं नाव, भिंतीवरचा नारा. वेळ लागतो, पण वाचतो. हातानं लिहिलेलं, तेही पटवाऱ्याच्या हातचं, माझ्याच्यानं वाचवत नाही. ही गोष्ट मी कोणाला सांगितली नव्हती. बायको गेली, तिलाही माहीत नव्हती.

आता आखराचं.

गावात एक संत्र्याचा व्यापारी आहे. त्याचा बाप अन् मी बरोबरीचे, त्यामुळे तो मला काकाजी म्हणतो. पोरगा गोड बोलणारा, हातापायानं चपळ. पहिल्या वर्षी त्यानं आखराच्या कडेला संत्र्याच्या पेट्या रचल्या. मी विचारलं तर म्हणाला, "काकाजी, हंगामापुरतं हाय. आंबिया बहार उतरला का उचलतो." हंगाम गेला, पेट्या गेल्या, पण चार बल्ल्या अन् वरची ताडपत्री राहिली. दुसऱ्या वर्षी ताडपत्रीच्या जागी टिना आल्या. त्याच्या पुढच्या वर्षी खाली सिमेंटचा ओटा. गावातल्या दहा-बारा बाया तिथं बसून संत्री निवडायच्या, लहान वेगळी, मोठी वेगळी. गावाला काम मिळालं, म्हणून कोणी बोललं नाही. मीही बोललो नाही, हे आधीच कबूल करतो.

अशात एका सकाळी त्यानं मला बोलावणं पाठवलं. गेलो तर शेडात पटवारी बसलेला, पुढं टेबल, अन् एक खुर्ची रिकामी. गावातले आणखी चार जण खाली पोत्यावर बसलेले.

"या काकाजी, खुर्चीवर बसा," व्यापारी म्हणाला.

"कायचं काम हाय?"

"काई नाई, मीटरचा कागद हाय. लाइट घ्याची हाय शेडात. त्याले पंच लागतात पाच. ह्या चौघाईचे अंगठे झाले. म्हटलं, एक तरी सही पाह्यजे कागदावर. नाईतं साहेब म्हणन का गावात सारे अडाणीच हायेत."

खाली बसलेल्या एकानं मला डोळा मारला. "आबाजी, आता तुमचाच भरोसा हाय बाप्पा. इज्जत ठेवा गावाची."

सगळे हसले. मीही हसलो. पटवाऱ्यानं कागद पुढं केला. वरच्या मजकुरावर त्याचा पंजा पसरलेला होता अन् खाली बोटानं जागा दाखवत होता. मी त्याला हात काढ म्हटलं नाही. म्हणालो असतो अन् त्यानं काढला असता, तर मला वाचावं लागलं असतं, पाच जणांसमोर. मी खिशातून माझा स्वतःचा पेन काढला, सही केली, खाली रेघ ओढली. चहा आला. चहा चांगला होता.

त्यानंतर दोन वर्षांनी भिंत उभी राहिली.

विटांची, माणसाच्या छातीएवढी, आखराच्या तीन बाजूंनी. रस्त्याकडच्या भिंतीत लोखंडी फाटक. पहिल्या दिवशी सकाळी ढोरं नेहमीसारखी निघाली, गल्ली वळली अन् भिंतीला छाती लावून उभी राहिली. मागची ढोरं पुढच्यांवर. शाळेत जाणारी लेकरं एका बाजूला अडकली, दूधवाला दुसऱ्या बाजूला. आठवडाभरानं ढोरकी काठी टेकून माझ्या दारात आला.

"आबाजी, मी हे काम सोडून राह्यलो."

"काहून?"

"ढोरं उभी कुठी करू? माह्या छातीवर? रस्त्यावर उभी करतो तं टरकवाले शिव्या देतात. काल एका गाईचं शिंग मोडलं. मोडलं गाडीनं, अन् भांडाले आले माह्या घरी."

ढोरकी सुटला की गावाची ढोरं सुटली, हे मला कोणी सांगायला नको होतं. शेजारच्या दोन गावांत हेच झालं होतं. आधी आखर गेलं, मग ढोरकी गेला, मग वर्षभरात लोकांनी गाईंना बाजार दाखवला. एकट्या गाईमागं माणूस कुठं फिरेल? आज त्या गावांत पोळ्याला ट्रॅक्टर सजवतात. माझ्याकडं दोन गाई अन् एक बैलजोडी आहे. मी जिता असेतो आमच्या गावाचं तसं होऊ देणार नाही, हे मी त्याच दिवशी ठरवलं.

आधी व्यापाऱ्याकडं गेलो. सरळ म्हटलं, भिंत काढ.

"काकाजी, भिंत माल सांभाळाले हाय. चोऱ्या होऊन राह्यल्या."

"जागा कोणाची हाय?"

"जागा सरकारची हाय. सरकार मांगन तवा देऊन देईन. तुमी कवापासून सरकार झाले?"

त्याच्या शेडातल्या बाया हसल्या. त्यातली एक, माझ्या नात्यातलीच, मोठ्यानं म्हणाली, "आबाजी, गाईले उभं राह्याले जागा पाह्यजे, अन् आमाले बसाले नको?"

"त्याच्या वावरात बसा नं. तिथं सावली नाई काय?"

"वावर दोन कोस हाय. तुमी नेऊन सोडसान काय रोज बंडीनं?"

तिचं म्हणणं खोटं नव्हतं, आजही नाही. पण जागा त्याची नाही, एवढं मला समजत होतं.

अर्ज केला. गावातल्या चाळीसेक लोकांनी अंगठे-सह्या दिल्या. आमच्याकडं सरकारी कागद सगळे हिंदीत, म्हणून सौंसरला एक वकील पाहिले, आमच्याच बाजूच्या गावचे, मराठी बोलणारे. त्यांनी तहसीलदाराच्या कोर्टात सरकारी जागेवरच्या कब्जाची केस लावली. कागदात आवेदक मी होतो. आवेदक म्हणजे तक्रार करणारा. हा शब्द मला फार आवडला होता. पेशी, म्हणजे कोर्टाची तारीख, आली की मी धुतलेलं धोतर नेसायचो, सून पिशवीत कागद घ्यायची, अन् आम्ही दोघं बसनं सौंसरला जायचो. कधी तहसीलदार मॅडम दौऱ्यावर, कधी पटवारी गैरहजर, कधी समोरच्याचा वकील नाही. तारीख घेऊन परत. लोक विचारत, "काय झालं आबाजी?" मी म्हणायचो, "होते."

मग माझं बयान झालं त्या दिवशीचं सांगतो.

तहसीलदार मॅडम वयानं माझ्या नातीएवढ्या. शपथ झाली. मी सगळं सांगितलं, आखर केव्हापासून, ढोरं किती, भिंत केव्हा. मॅडम लिहून घेत होत्या. मग समोरचा वकील उठला. त्याच्या हातात एक कागद होता.

"दादाजी, ही सही तुमची?"

मी पाहिलं. सही माझी, खाली रेघही माझी. "हो, माही हाय."

"पक्की?"

"अशी रेघ दुसरा कोणी मारत नाई."

"म्हणजे तुम्ही शिकलेले माणूस आहात. न वाचता अशीच कुठंही सही करत असाल, असं काही नाही?"

तो हे अशा आवाजात म्हणाला की मला सोसायटीतला बाबू आठवला. मागं बाकावर गावातले आठ-दहा जण बसले होते, सून बसली होती, व्यापारी बसला होता. मी छाती पुढं काढली.

"मी अंगठाबहाद्दर नाई. वाचल्याबिगर मी कुठीच सही करत नाई."

"बस. इतकंच विचारायचं होतं," वकील म्हणाला अन् बसला.

मला वाटलं, जिंकलो. आमच्या वकिलांकडं पाहिलं तर ते कपाळाला हात लावून बसले होते.

बाहेर कडुलिंबाखाली त्यांनी मला समजावलं. तो मीटरचा कागद नव्हताच. तो मौका पंचनामा होता, म्हणजे जागेवर जाऊन, पाहून लिहिलेला. त्यात लिहिलं होतं की हे शेड फार जुनं आहे, या जागेवर ढोरं उभी राहत नाहीत, आखर म्हणून गावाला आता तिची गरज नाही, अन् यावर कोणाची हरकत नाही. खाली पाच पंच. चार अंगठे अन् एक सही.

"अंगठेवाल्यांचं मी पाहून घेतलं असतं," वकील म्हणाले. "म्हटलं असतं, त्यांना वाचता येत नाही, फसवलं. पण तुम्ही आत्ता शपथेवर सांगून आले की मी वाचूनच सही करतो. आता केसमध्ये काय उरलं, दादाजी? तुम्हीच लिहून दिलं की तिथं आखर नाही."

आम्ही परतीची बस धरली. सून खिडकीजवळ बसली होती. मोहगावचा फाटा गेल्यावर तिनं हळूच विचारलं, "मामाजी, तो कागद तुमी वाचला होता?"

"वाचला असन," मी म्हटलं. "आता एवढ्या वर्षाचं कोणाले ध्यानात राह्यते?"

हे लिहिताना ती म्हणते, मला तेव्हाच समजलं होतं. समजलं असेल.

गावात बातमी आमच्या आधी पोचली होती. दुसऱ्या दिवशी पानठेल्यावर दोघं-तिघं उभे होते. मला पाहून एक जण दुसऱ्याला म्हणाला, मला ऐकू येईल असं, "वाचून सही केली म्हणतात. मंग पेटीत काय भेटलं असन रे, संत्रं का आणखी काई?"

मी थांबलो. "काय म्हटलं?"

"तुमाले नाई म्हटलं आबाजी. आमचं आपलं संत्र्याचं बोलणं चालू हाय."

त्याच आठवड्यात व्यापारी घरी आला. पायाला हात लावला, खाटेवर बसला नाही, खाली बसला. फार अदबीनं बोलला. म्हणाला, "काकाजी, तुमची इज्जत ते माही इज्जत. कोणी काई म्हणत असन तं मी उभा हाय. मी सगळ्याईले सांगतो, काकाजीनं वाचून, समजून सही केली, कोणाचं काई घेतलं नाई. तुमी फक्त केस वापस घ्या. म्हणा का बुढापा हाय, पेश्या होत नाईत. ढोराईसाठी मी कोपऱ्यातली जागा सोडून देतो, फाटकाच्या बाजूची."

"किती?"

त्यानं हातानं दाखवली. दहा ढोरं उभी राहतील एवढी. गावात ढोरं सव्वाशे.

"अन् नाई घेतली वापस तं?"

तो हसला. "मंग वकील पुन्हा इचारन तुमाले चार लोकाईत. कायले उगीच, काकाजी?"

तेव्हा मला कळलं की त्याला माहीत आहे. त्या दिवशी पटवाऱ्याचा पंजा कागदावर का पसरला होता, तेही त्याला माहीत होतं, अन् मी तो हात का काढायला लावला नाही, तेही. खुर्ची त्यानं मान द्यायला ठेवली नव्हती. माझी लाज त्यानं आधीच मोजून ठेवली होती.

तो गेला. संध्याकाळी गाई घरी आल्या. गळ्यात दावं टाकताना सुनेला म्हटलं, "बेटा, उद्या वकिलाकडं जाचं हाय."

"कायले?"

"सांगाले, का मले वाचता येत नाई."

तिनं दुधाचं भांडं खाली ठेवलं. म्हणाली, "येते नं थोडं थोडं."

"थोडं थोडं नाई पुरत कोर्टात."

वकील खुश झाले नाहीत. म्हणाले, दादाजी, पुन्हा बयानाचा अर्ज देता येतो, पण मॅडम आधी हेच विचारतील की शपथेवर खोटं का बोललात. रागावल्या तर अर्ज फेकून देतील, तुमच्यावरच काही निघू शकतं. अन् समोरचा वकील तुम्हाला कागद हातात देईल अन् म्हणेल, वाचा. भरल्या खोलीत. चालेल?

"लिहा अर्ज."

"विचार करा. तुमचा स्वभाव मला माहीत आहे."

"सभाव मले तुमच्याहून जास्त माईत हाय. लिहा."

अर्ज लिहिला. सही करायला पुढं केला. मी म्हटलं, आधी वाचून दाखवा. त्यांनी वाचला. मग सही केली. रेघही ओढली, ती का सोडू?

पेशीच्या दिवशी गावातून जास्त लोक आले. कोणी माझ्यासाठी, कोणी तमाशासाठी. शेडातल्या बायाही आल्या होत्या, व्यापाऱ्यानं गाडी करून आणल्या होत्या. मॅडमनी अर्ज पाहिला अन् चष्म्यावरून माझ्याकडं पाहिलं. हिंदीत बोलल्या. विचारलं, मागच्या वेळी शपथ घेऊन सांगितलं की वाचून सही करता. ते खोटं होतं?

"हो साहेब. खोटं होतं."

"का बोललात?"

मी खूप काही ठरवून गेलो होतो. तोंडातून एकच निघालं, "लाजेपायी."

मागं कोणी तरी फिस्स केलं. समोरचा वकील लगेच उठला. म्हणाला, हे शिकवून आणलेलं आहे. त्या दिवशी वाचता येत होतं, आज येत नाही? द्या कागद, पाहू.

पंचनामा माझ्या हातात आला. मी चष्मा लावला. पहिल्या ओळीवर बोट ठेवलं. "आ... आज... दि..." तारीख वाचली, आकडे मला येतात. मग गावाचं नाव, ते ओळखीचं. मग अक्षरं एकमेकांच्या अंगावर पडायला लागली. "म... मौ... मौका..." घाम कानामागून मानेवर आला. खोलीत पंखा फिरत होता, त्याचा आवाज फार मोठा झाला. दुसऱ्या ओळीच्या मध्यात एक लांब शब्द होता, त्याचं पहिलं अक्षरच मला ओळखू येईना. मी त्याच्यावर बोट ठेवून उभा राहिलो.

मागून एका बाईचा आवाज आला, "बुढा झोपला काय?"

सगळे हसले. मॅडम म्हणाल्या, राहू द्या, समजलं. बसा.

"नाई साहेब," मी म्हटलं. "सुरू केलं तं वाचू द्या. पह्यल्या बारी नाई वाचलं, म्हणूनच हे सारं झालं."

पुन्हा बोट ठेवलं. तो शब्द सोडला, पुढचा घेतला. मधले शब्द गाळत, तुटकं, जसं जमलं तसं. किती वेळ लागला मला सांगता येणार नाही. सून म्हणते, हसणं लवकरच बंद झालं अन् मग लोक बाहेर पाहायला लागले. चौथ्या ओळीत 'पशु' शब्द होता. तो मला वाचता आला. त्याच्या पुढं 'नहीं' होतं, तेही आलं. मी मान वर केली.

"साहेब, यात लिवलं हाय का तिथं ढोरं नाईत. हे खोटं हाय. मले हे वाचता आलं असतं तं मी मेलो असतो पण सही नसती केली. अन् वाचता नाई आलं तरी मी त्याचा हात बाजूला सार म्हणाले पाह्यजे होतं. नाई म्हटलं. कसूर माहा हाय. पण माह्या कसुरापायी गावाचं आखर नका घेऊ."

समोरचा वकील म्हणाला, हे नाटक आहे. मॅडमनी त्याला हातानं थांबवलं. त्यांनी त्या दिवशी निकाल दिला नाही. फक्त लिहिलं की मी स्वतः मौक्यावर जाईन. केव्हा, ते सांगितलं नाही.

त्या आल्या ते एका सकाळी, कोणाला न कळवता. मी दावं सोडून दारात उभा होतो. गल्लीच्या तोंडाशी हॉर्नवर हॉर्न वाजायला लागला. जाऊन पाहतो तर तहसीलची पांढरी जीप ढोरांमध्ये अडकलेली. पुढं भिंत, भिंतीला छाती लावून गाई उभ्या, मागं आणखी ढोरं येऊन राहिलेली, मध्ये जीप. ड्रायव्हर खिडकीतून हात काढून हाकत होता अन् एक म्हैस त्याच्या हाताचा वास घेत होती. मॅडम खाली उतरल्या. बूट शेणात गेला.

ढोरकी धावत आला, हात जोडले. "माफी साहेब. मी काय करू? भितीच्या आंगं जाऊ नका म्हणून किती मारलं, आयकतच नाईत."

मॅडमनी विचारलं, "ही रोज इथंच येतात?"

"येतात नं साहेब. भित बांधली तवापासून म्या दुसरी जागा दाखोली, शाळेमांगची. नेऊन उभी करतो, दुसऱ्या दिवशी पुन्हा इथीच."

त्यांनी बूट गवतावर पुसला, भिंतीच्या बाजूनं पूर्ण चालत गेल्या, पटवाऱ्याला फोन करून नकाशा मागवला. मी तिथंच होतो. मला त्यांनी काही विचारलं नाही. पंचनामा त्यांनी जागेवरच लिहिला. पंच लागले. गावातल्या पाच जणांना बोलावलं, मला नाही, मी आवेदक. प्रत्येकाला आधी वाचून दाखवला, मोठ्यानं. मग अंगठे.

आदेश निघाला. जागा शासनाची, कब्जा हटवा. मुदत दिली, त्यानं हटवला नाही. मग जेसीबी आला. फाटक पडलं, रस्त्याकडची अन् शाळेकडची भिंत पडली, विटा गल्लीत पसरल्या. शेडाच्या खांबाला हात लावणार तेवढ्यात व्यापारी मोटारसायकलवर कागद फडकवत आला. वरच्या साहेबाकडं अपील केलं होतं, तिथून स्टे आणला. जेसीबीवाल्यानं इंजिन बंद केलं, बिडी पेटवली अन् निघून गेला.

तर आज अशी स्थिती आहे. अर्ध्याहून थोडी जास्त जागा मोकळी झाली, बाकी त्याच्याकडं. ढोरं उभी राहतात, दाटीनं, पण राहतात. ढोरकीनं काम सोडलं नाही. बाया शेडात संत्री निवडतात, एक-दोघी माझ्याशी बोलत नाहीत. पेटीचं बोलणं पानठेल्यावर बंद झालं. त्याच्या जागी दुसरं निघालं. लेकरं मला पाहून "आ... आज... दि..." करतात. एकदा काठी घेऊन मागं लागलो होतो. आता नाही लागत.

व्यापारी कुठं तरी म्हणाला की बुढा किती दिवस पुरते, मी थांबतो. हे माझ्या कानावर आलं. मी वकिलाकडं गेलो अन् केसमध्ये माझ्यासोबत सुनेचं नाव घालून घेतलं. तिला विचारलं नाही. आता ती लिहिता लिहिता म्हणते, विचारलं असतं तर मी हो म्हणाले असते. ती चाळिशीचीही नाही. थांबू द्या त्याला.

अपिलाची नकल आली ती टाइप केलेली होती, म्हणजे माझ्या कामाची. जेवण झाल्यावर ओसरीवर बसलो. सून म्हणाली, "द्या, मी वाचून दाखवते."

"नको. मी वाचतो."

तिनं पानं चाळली अन् एक पान काढून मांडीखाली ठेवलं.

"ते काहून ठेवलं?"

"त्यात काई नाई, मामाजी. कायद्याचं हाय."

"आण इकडं."

त्या पानावर माझ्याबद्दल होतं. एक एक अक्षर लावत वाचलं. लिहिलं होतं की आवेदक अनपढ आहे, शपथेवर खोटं बोललेला आहे, त्याच्या बोलण्याचा भरवसा नाही. पहिल्याचा मी असतो तर त्याच पायी व्यापाऱ्याच्या दारात जाऊन उभा राहिलो असतो. दोनदा वाचलं. खोटं काही लिहिलेलं नव्हतं. मग पुढचं पान घेतलं. ढोरं चरून घरी येईपर्यंत सगळी पानं झाली. आखर कोणाचं, याबद्दल त्यात चांगलं काही लिहिता आलेलं नाही त्यांना. हे मी दुसऱ्या दिवशी वकिलांना सांगितलं तर ते म्हणाले, दादाजी, हे आपल्याला माहीतच आहे, तेच तर आपण म्हणणार आहोत.

मग म्हणाले, "या पेशीवर फक्त बहस आहे. वकिलांचं बोलणं. तुमची गरज नाही, घरी राहा. ऊन फार आहे."

मी म्हटलं, "गरज नसन तं नसो. मी येऊन समोरच्या बाकावर बसीन. मी दिसलो पाह्यजे त्याईले."